सरोबाचा चौकोन

विरजण मागायला शेजारच्या इंदूताईंकडे गेलो, तेव्हा त्यांच्या कॅलेंडरकडे लक्ष गेलं. आमच्या मुलखात महिन्याचा शेवटचा चौकोन कोरा छापतात. सगळे दिवस सरोबा देतो आणि तेवढा एक स्वतःला ठेवतो. त्यात कोणी दुधाचा खाडासुद्धा मांडत नाही, कारण तिथे लिहिलेलं त्याचं होतं. लेक येणार या आनंदात इंदूताईंचा चौकोन चुकला होता. ‘सुमी येणार’, असं त्यांनी तिथेच लिहिलं होतं.

मी विरजणाची वाटी घेऊन तसाच निघालो. लिहिलेलं पुसून चालत नाही, आणि सांगून नुसती धास्ती वाढते.

सरोबाला देऊळ नाही, मूर्ती नाही. तो येतो तेव्हा कुत्रंही भुंकत नाही. ज्याचं नाव लिहिलं त्याला तो नेतो, आणि त्या घरातली त्याची आठवणही नेतो. शेजाऱ्यांना मात्र सगळं आठवत असतं. त्यांनी ते नाव पुन्हा घ्यायचं नाही, एवढीच रीत. या रीतीला मी आजवर माया समजत आलो.

परवा महिना संपला. आज वाटी परत द्यायला गेलो, तर पान उलटायचं राहिलं होतं आणि तो चौकोन कोरा होता. इंदूताई म्हणाल्या, "वरची खोली भाड्याने द्यावी म्हणते. कधीपासून रिकामीच पडलीय."

"द्या की," मी म्हणालो.

घरी येऊन माझं कॅलेंडर पाहिलं. माझे चौकोन कायम स्वच्छ असतात, याचा मला अभिमान होता. मी एकटा राहतो. तरी जेवताना माझे हात रोज दोन पाट मांडतात, आणि तेव्हा इंदूताई दारात असल्या तर नजर दुसरीकडे वळवतात.