मोकळ्या चर्चेत कोण बोलणार?

आमच्या सोनईच्या वाचनालयात महिन्यातल्या एका रविवारी ‘मोकळी चर्चा’ भरते. माईक माझ्याकडे असतो. कोण काय बोललं ते मी घरी जाईपर्यंत विसरतो, पण कोण कुठं अडखळलं ते मात्र डोक्यात साठत गेलंय.

पहिल्याच बैठकीत ठरलं, जात, धर्म, पक्ष आणि साखर कारखाना नको. उरला पाऊस. तो घेतला. थोड्याच वेळात धरणाचं पाणी खाली मराठवाड्याला सोडावं की नाही, यावर दोघं हमरीतुमरीवर आले.

घोडेगावच्या बाजारात गाईंचा व्यापार करणारे बापू मला म्हणाले, “पुढच्या टायमाला पाऊस बी नगं.”

*

बापू स्वतः लई जपून बोलतात. जिल्ह्याचं नाव बदललं, तेव्हा जुनं म्हणावं तर एक नाराज, नवं म्हणावं तर दुसरा. बापूंनी भाषण सुरू केलं, “परवा मी जिल्ह्याच्या ठिकाणी गेल्तो...”

मागून कोणीतरी विचारलं, “म्हणजे कुठं?”

“यष्टी जाती तिथं.”

*

जोशी सर रिटायर्ड हेडमास्तर. नेवाशाच्या कोर्टात वकिली करणाऱ्या कांबळे मॅडम पहिल्यांदा आल्या, तेव्हा सरांनी ओळख करून दिली, “समाजाच्या एका... म्हणजे ज्या घटकाला आपण... त्या घटकातून...”

“सर, आम्ही बौद्ध,” मॅडम म्हणाल्या. “घरीपण असंच म्हणतो.”

कोणी हसेना. मॅडम हसल्या, मग सगळे हसले.

*

पुढं मॅडमनीच विषय सुचवला, आरक्षण. मला धडकी भरली. पण एकेक जण उठला आणि आरक्षण कसं गरजेचं आहे, ते सांगून बसला. चहाच्या टपरीवर याच विषयावर तावातावानं उलटं बोलणारे जोशी सरसुद्धा.

शेवटी मॅडम उठल्या. “मी वाद घालायची तयारी करून आले होते. तुम्ही सगळे माझ्याच बाजूचे निघालात. मग समोरची बाजू मीच मांडते.”

आणि त्यांनी आरक्षणाच्या विरोधातला एकेक मुद्दा असा मांडला, की बापू माझ्या कानाशी पुटपुटले, “टपरीवरलं ह्यांना कसं ऐकू गेलं?”

सर खुर्चीत चुळबुळत होते. अखेर उभे राहिले. “मॅडम, हे पटत नाही.”

“का, सर?”

“मी मास्तर होतो. मागच्या बाकांवर कोणाची पोरं बसायची, ते मी बघितलंय.” सर बोलत राहिले.

मॅडमनी सगळं ऐकून घेतलं. “हे टपरीवर बोलाल, सर?”

“चला,” म्हणत सर चपला शोधायला लागले.