मेन स्विच पाडा, भाऊ

राजुऱ्याच्या आमच्या ऑफिसात कार्डाची कुलपं बसवायला आलेल्या फिटरचं नाव मी विचारलंच नाही. प्रत्येक दार झालं की तो आपलं कार्ड माझ्या हातात द्यायचा, आत जाऊन दार लावायचा आणि ओरडायचा, "आता मेन स्विच पाडा, भाऊ." लाइट नसताना आतून बाहेर येता आलं, तरच त्याचं काम पुरं.

रेकॉर्ड रूमसाठी मी लाइट गेली तरी बंदच राहणारं कुलूप निवडलं. तो म्हणाला, "कागदं काई पळून नाई जात. आतून दार उघडाचं एक बटन तं लावू द्या, बिनलाइटचं." मी नाही म्हणालो. त्याने कार्ड खिशात ठेवलं. "मंग या दारात तुमी जा आत, मी स्विच पाडतो." मी हसलो, गेलो नाही.

मे महिन्यात लाइट गेली आणि झाडणाऱ्या बाई रेकॉर्ड रूममध्ये अडकल्या. दार फोडलं तेव्हा त्या उकाड्याने बेशुद्ध होत्या. साहेबांना मी सांगितलं, "फिटरनं चुकीचं बसवलं." त्याला पुन्हा कुणी बोलावलं नाही.

बाई वाचल्या. नव्या फिटरने बटन लावलं, तेव्हा मी आत गेलो आणि स्विच पाडायला सांगितलं. बटन दाबलं, दार उघडलं. बाहेर साहेब उभे होते. तेव्हाही बोललो नाही, म्हणून आज लिहितो : ते कुलूप मी निवडलं होतं.