शब्दकोशात शोधलेला तवक्कुल

त्या दिवसांत माझी नमाज म्हणजे नुसती उठबस झाली होती. अम्मी अंथरुणाला खिळलेली. अंबरनाथच्या कारखान्यातून रजा काढून तिचं सगळं मी एकटाच करायचो. कुळगावला दिलेली माझी धाकटी बहीण रोज फोनवर म्हणायची, "भाई, मला येऊ दे. अम्मी काय तुझ्या एकट्याची आहे? मला काय बाजारातून आणली?" मी नाही म्हणायचो. मुलगा मी आहे, खिदमत माझ्याच हातून व्हायला हवी, आणि अल्लाहवर माझा तवक्कुल आहे, भरवसा आहे, असं सांगायचो. पण एका सकाळी अम्मीची कूस बदलताना चिडून माझा हात जोरात पडला. अम्मी कळवळली. ते मला सोसेना.

शेजारणीला तिच्यापाशी बसवून मी मशिदीत गेलो. दुपारच्या नमाजेनंतर सगळे पांगले. तिथल्या कपाटात अरबीचा जुना, अनेक भागांचा शब्दकोश आहे. मौलानांच्या वर्गात मी थोडी अरबी शिकलो होतो. जो शब्द बहिणीच्या तोंडावर फेकतो, त्याचा अर्थ तरी नीट पाहावा, म्हणून 'ते', म्हणजे 'त', या अक्षराचा भाग काढून पानं उलटत राहिलो. 'तवक्कुल, तवक्कुल' असं पुटपुटत होतो, पण शब्द सापडेना. हा शब्दसुद्धा मला नको म्हणतोय, असं वाटलं.

खांबाला टेकलेला एक मुसाफिर हसला. "भाईसाब, 'ते' में ढूंढोगे तो उमर निकल जाएगी. इसमें लफ्ज अपनी जड़ के नीचे मिलता है. तवक्कुल की जड़ 'वाव' से है, 'वाव' देखो." त्यानेच 'व'चा तो भाग काढला, पान उघडून दिलं आणि पिशवी उचलून निघून गेला. त्याचं नाव विचारायचंही मला सुचलं नाही.

मी बोट ठेवून अडखळत वाचलं. जुने अरब याच मुळापासून आलेला एक शब्द दुबळ्या माणसासाठी वापरत, स्वतःचं काम झेपत नाही म्हणून ते दुसऱ्यावर सोपवणाऱ्यासाठी. तवक्कुलचा अर्थही तिथेच होता: आपली असमर्थता उघड करणं आणि दुसऱ्यावर विसंबणं. विसंबतो असं मी सांगत होतो. असमर्थता मात्र कुणालाच दाखवली नव्हती.

तिथूनच बहिणीला फोन लावला. "ये," एवढंच बोलता आलं.

"एवढ्या लवकर अक्कल आली?" ती म्हणाली आणि रडू लागली.

संध्याकाळी तिने अम्मीला पेज भरवली. अम्मी सगळी प्यायली. मगरिबच्या नमाजेत सजद्यासाठी कपाळ जमिनीला टेकलं, तेव्हा मला काही मागणं सुचलं नाही. माझ्याच्याने होत नाही, एवढं कबूल केलं, अल्लाहचा शुक्र अदा केला, आणि बराच वेळ डोकं उचललं नाही.