दर्शनाताईचा अर्धवट कोर्स

दर्शनाताईच्या हातावर तुरी देऊन गोळी चुकवणारा माणूस कल्याण पूर्वेच्या त्या चाळीत अजून जन्माला यायचा होता. सरकारी आरोग्य केंद्राची आशा सेविका म्हणून तिला अकरा वर्षं झाली होती. सकाळी टीबीच्या पेशंटच्या दारात उभं राहायचं, गोळ्या आपल्यासमोर गिळायला लावायच्या आणि वर तोंड तपासायचं. "आ करा. जीभ उचला." नवरा धम्मपाल म्हणायचा, "ही यमालाही कोर्स पूर्ण करायला लावेल."

मग तिलाच खोकला लागला. छातीच्या फोटोत गाठी दिसल्या, दुर्बिणीतून गाठीचा तुकडा काढला, रिपोर्टात ग्रॅन्युलोमा आला. टीबीचा जंतू मात्र कुठेच सापडला नाही. "आपल्याकडे ग्रॅन्युलोमा म्हणजे टीबीच समजायचा," जवळचे डॉक्टर म्हणाले, आणि ताईनेही मान डोलावली. तिला तरी दुसरं काय माहीत होतं?

त्याच आठवड्यात बाजारात हमाली करणाऱ्या धोंडीबालाही टीबीच्या गोळ्या सुरू झाल्या. त्याच्या थुंकीत जंतूच जंतू होते, आणि मागचा कोर्स त्याने अर्ध्यावर सोडला होता. तो अडूनच बसला. "ताई, तुम्ही घेणार तर मी घेणार." ठरलं. रोज सकाळी त्याच्या उंबऱ्यावर दोघं बरोबर गोळ्या गिळायची.

चार महिन्यांत धोंडीबाच्या अंगावर मूठभर मांस चढलं. ताई मात्र जिन्याच्या दहा पायऱ्यांत धापा टाकू लागली. डोळे लाल झाले. टीबीच्या औषधाने लघवी नारिंगी होते, अश्रूंनाही रंग येतो. "औषधाचा रंग आहे, घाबरू नका" हे तिने शंभरजणांना सांगितलेलं. तेच तिने स्वतःला सांगितलं. इतकं शहाणपण नसतं तर बाई वेळेत डॉक्टरकडे गेली असती. एका सकाळी पाकिटावरची अक्षरंच तिला दिसेनात, तेव्हा मुलगी स्वप्नाने तिला ओढत ठाण्याला नेलं.

छातीच्या डॉक्टर मृणाल यांनी आधी डोळे तपासून घेतले, मग पायांवरच्या लाल गाठी पाहिल्या, जुने रिपोर्ट पुन्हा वाचले.

"ग्रॅन्युलोमा हे रोगाचं नाव नाही, ताई. शरीराला जे संपवता येत नाही, त्याला ते पेशींचा घेराव घालतं. तुकड्यात तो घेराव दिसतो. आत कोण आहे ते वेगळं शोधावं लागतं. आपल्याकडे बहुतेकदा टीबी असतो, कधी बुरशी, कधी काही प्रकारची धूळ. तुमच्या तुकड्यातून प्रयोगशाळेत जंतू वाढवायचा प्रयत्न झाला होता, तिथेही तो वाढला नाही. चार महिने औषध घेऊन फरक नाही, आणि डोळा आतून सुजलाय. हा सारकॉइडोसिस आहे. का होतो ते नीट कळलेलं नाही, पण दुसऱ्याला लागत नाही. टीबीच्या गोळ्या आजपासून बंद."

"दोनच महिने उरलेत मॅडम. पूर्ण करूनच टाकते."

"तोवर डोळे जातील."

ताईला रडू आलं ते डोळ्यांसाठी नव्हे. अकरा वर्षं जे कुणाला करू दिलं नाही, ते आता तिलाच करायचं होतं. आणि धोंडीबाचं काय? त्याने आता सोडलं तर रोग उलटणार, तोही औषधाला न जुमानणारा होऊन. परतीच्या लोकलमध्ये तिच्या मनात आलं, जुनं पाकीट घेऊन जावं, गोळी गालात धरावी, कोपऱ्यावर थुंकावी. सगळ्या युक्त्या तिला पाठ होत्या; पेशंटांनीच शिकवल्या होत्या. तिला स्वतःची लाज वाटली. खोटं बोलून कुणाचा कोर्स पूर्ण करायचा नाही, हे तिने कल्याण येईपर्यंत पक्कं केलं.

सकाळी धोंडीबाच्या उंबऱ्यावर तिने दोघांचे रिपोर्ट मांडले.

"मामा, माझ्या गोळ्या बदलल्या. मला टीबी नव्हताच."

धोंडीबाने हातातला पाण्याचा तांब्या खाली ठेवला. "मग आपलं ठरलेलं मोडलं."

"ऐका आधी. गाठी तुमच्यात, तशा माझ्यातही. पण तुमच्या थुंकीत चोर सापडलाय, हे बघा इथे लिहिलंय. माझ्यात सापडला नाही. चोर नसताना मी त्याचं औषध खात बसले, म्हणून डोळे घालवत होते. तुमच्यात तो आहे, अर्धमेला झालाय. आता सोडलंत तर उठून बसेल."

"म्हणजे तुमची सुटका झाली."

"कसली सुटका? ह्या बघा नव्या गोळ्या, सूज उतरवणाऱ्या स्टेरॉइडच्या. ह्या पण मनाने बंद करता येत नाहीत, डॉक्टर सांगतील तशा कमी करायच्या. तुमच्यापेक्षा जास्त महिने मलाच घ्यायच्यात."

धोंडीबाने रिपोर्ट हातात घेऊन उलटसुलट केला. त्याला वाचता येत नव्हतं. मग त्याने तांब्या उचलला, गोळ्या गिळल्या, न सांगता आ केला आणि जीभ उचलून दाखवली. ताईनेही आपल्या गोळ्या घेतल्या आणि उठायला लागली.

"बसा ताई," धोंडीबा म्हणाला. "आ करा."