पाडव्याच्या दुपारच्या दोन पावत्या

मोबाईलचा नंबर बदलला आणि माझे सगळे गेम अडकून पडले. दुकानातून आणलेल्या डब्या नव्हेत हे. ऑनलाइन घेतलेले, कधी हातात न येणारे, एका खात्यात साठवलेले गेम. खात्यात शिरायचं तर जुन्या नंबरवर आकडा येणार, आणि तो नंबर मी चिडून बंद करून टाकलेला, कारण दिवसभर त्यावर नको त्या लोकांचे फोन यायचे. कंपनीला लिहिलं. तिकडून उत्तर आलं की खातं तुमचंच आहे हे पटवून द्या, तुम्ही घेतलेल्या कुठल्याही तीन गेमच्या खरेदीच्या तारखा कळवा.

आता घ्या! मला स्वतःच्या लग्नाची तारीख विचारली तरी मी आधी बायकोच्या तोंडाकडं बघतो. गेम कधी घेतले ते कोण लक्षात ठेवतंय? पण सोडून द्यायचंही जिवावर आलं. वालचंदनगरला नोकरी, दोन खोल्यांचं भाड्याचं घर, रविवारी दुपारी दोन तास मांडीवर लॅपटॉप, एवढीच काय ती माझी चैन. म्हणून एका रविवारी जेवण झाल्यावर जुनी ईमेल उपसायला बसलो. गेम घेतला की ईमेलवर पावती येते, तिच्यावर तारीख असते आणि वेळही असते. पण माझ्या ईमेलमध्ये हजारो न वाचलेली पत्रं. चपलांच्या जाहिराती, विम्याच्या जाहिराती, आणि मधेच कुठंतरी गेमची पावती. दोन तारखा सापडल्या त्या कागदावर टिपल्या. तिसऱ्या गेमच्या एकाच दिवशी दोन पावत्या निघाल्या. एक सकाळी अकरा वाजून आठ मिनिटांची, दुसरी दुपारी दोन वाजून सात मिनिटांची. पहिलीवर दिवाळीच्या सवलतीची पणती काढलेली.

मी खुशीत ती तारीख लिहून घेतली. मग सहज मोबाईलमधलं कॅलेंडर मागं नेलं, आणि त्या तारखेवर दिवाळी पाडवा असं लिहिलेलं दिसलं. मी हातातलं पेन खाली ठेवलं. कारण सात वर्षांपूर्वीचा तो पाडवा आमच्या घरात सगळ्यांना पाठ आहे.

आमची वस्ती वडगाव निंबाळकरच्या शिवारात. आबा, म्हणजे माझे वडील, आणि तात्या, म्हणजे माझे चुलते, यांची घरं शेजारी, मधे फक्त एक बांध. विहीर दोघांत सामाईक. चार दिवस पाणी आमचं, चार दिवस त्यांचं. पाणी एकाच पाटानं येतं आणि एका जागी फुटतं, डावीकडं तात्यांचा ऊस, उजवीकडं आमचा. आमची पाळी असली की डावीकडचं तोंड माती आणि पोत्यानं बांधायचं. त्या तोंडाला आम्ही दार म्हणतो. आणि फावडं घेऊन, एकेक सरी भरली की पाणी पुढच्या सरीत वळवत उन्हात उभं राहायचं, याला म्हणायचं दारं धरणं. काम अवघड नाही, पण तिथून हलता येत नाही.

माझी आई मी लहान असतानाच गेली. तात्यांच्या मुलीनं, माझ्या ताईनं, मला वाढवलं म्हटलं तरी चालेल. मला सख्खी बहीण नाही. भाऊबीजेला ओवाळायची ती ताईच. लग्न होऊन ती लोणी भापकरला गेली तरी दिवाळीला यायचीच, आणि आधी मला ओवाळायची, मग स्वतःच्या भावाला. तिचा भाऊ यावरून दर वर्षी कुरकुर करायचा.

त्या पाडव्याला आमच्या पाळीचा शेवटचा दिवस होता. आबा इंदापूरला पाहुण्यांकडं गेलेले. जाताना मला म्हणाले, "सणाला गडी येणार न्हाय. आज तू धर दारं. कालच युरिया टाकलाय, हालू नगंस." मी सुट्टीला आलेला, डिप्लोमा झालेला, हातात फावडं धरायची लाज वाटायच्या वयाचा. व्हय म्हणालो.

आणि त्या दिवशी गेमची सवलत दुपारी बाराला संपणार होती.

लाज कशाकशाची वाटावी? तो गेम शेतीचा होता. हसा तुम्ही. खऱ्या उसाला पाणी चालू सोडून मी घरी आलो आणि लॅपटॉपवर परदेशातली शेती विकत घेतली. डावीकडचं दार मी सकाळी कसंबसं बांधलं होतं, पोतं अर्धं वर, माती नावाला. घरी डाउनलोड सुरू केलं आणि टक्के बघत बसलो. एक, दोन, पाच. उठून शेतात जाऊन परत येता आलं असतं, चार वेळा आलं असतं. बसलो आपला. मग गेम सुरू झाला, मग मी गहू पेरला, मग कापायला चांगलं यंत्र पाहिजे म्हणून वेगळं यंत्र विकत घेतलं. तीच ती दोन वाजून सात मिनिटांची पावती.

पण हे सगळं मी आज सांगतोय. सात वर्षं मी सांगत आलो ते वेगळंच होतं.

मी शेतात परत आलो तेव्हा तीन वाजायला आले होते. आमच्या खालच्या सऱ्या कोरड्या ठाक. डावीकडचं दार फुटलेलं आणि तात्यांचा ऊस पाण्यात उभा. आमच्या वरच्या सऱ्यांतला युरिया पाण्याबरोबर तिकडं गेलेला. आणि दारापाशी फावडं घेऊन तात्या वाकलेले होते. मला बघून ते ताठ झाले आणि म्हणाले, "आरं कुठं हुतास? दोन-अडीच तास तरी झालं आसतील, पानी माज्या उसात पळतंय."

संध्याकाळी आबा आले, सऱ्या बघितल्या, आणि त्यांनी माझ्यावर आवाज चढवला. मी म्हणालो, "दहा मिनिटं पाणी प्यायला घरी गेलो होतो. आलो तर तात्या दारापाशी फावडं घेऊन." एवढंच. तात्यांनी दार फोडलं असं मी तोंडानं म्हणालोच नाही, असं मी पुढं कितीतरी दिवस स्वतःला सांगायचो. म्हणायची गरजच नव्हती. दहा मिनिटांत बांधलेलं दार आपोआप फुटत नाही, हे आबांना कळत होतं.

तात्यांना बोलावलं. ते म्हणाले, "दहा मिन्टं? मी जेवाय बसायच्या आधीपासनं ह्यो हितं न्हवता." आबा म्हणाले, "माजा पोरगा खोटं बोलतोय व्हय?" शब्दाला शब्द वाढला. मग आबा आत गेले आणि देव्हाऱ्यातली भंडाऱ्याची वाटी घेऊन आले. आमच्याकडं खंडोबाचा भंडारा हातात घेऊन बोललं की ते शेवटचं बोलणं. त्याच्यापुढं साक्ष नाही, पुरावा नाही, कोर्ट नाही. आबांनी वाटी माझ्यापुढं धरली. "उचल. दहा मिन्टंच गेलतास म्हन."

मी उचलला. पिवळी बोटं वर करून म्हणालो, "दहा मिनिटंच."

तात्यांनी टोपी काढली, वाटीपुढं वाकून डोकं टेकवलं आणि म्हणाले, "देवाम्होरं माजं काय चालतंय? पोरानं भंडारा उचलला, मंजे माजंच चुकलं आसंल." आणि निघून गेले. भांडले असते, दोन शिव्या घातल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. दुसऱ्या दिवशी भाऊबीजेला ताई ताट घेऊन आमच्या दारात आली. आबा उंबऱ्यातनं म्हणाले, "ताई, माघारी जा. ह्या घराचा आन् त्या घराचा संबंद संपला." मी दाराआड उभा होतो. तिच्या बांगड्या वाजल्या आणि लांब गेल्या. मी बाहेर गेलो नाही.

त्यानंतर तात्यांनी स्वतःचं बोअर घेतलं. विहिरीवरचा हक्क न भांडता सोडून दिला. दोघं सख्खे भाऊ बांधावरून समोरासमोर जातात आणि एकमेकांकडं बघत नाहीत. माझ्या लग्नात करवली म्हणून कुणीतरी लांबची मुलगी उभी केली. आणि मी? माझ्या डोक्यात त्या दहा मिनिटांची खरोखरच दहा मिनिटं झाली होती. सांगून सांगून मला ती आठवायलाही लागली होती, पाण्याचा तांब्या, माठ, सगळं.

आता समोर दोन पावत्या. मी काय काय केलं सांगू? आधी म्हटलं, ही वेळ अमेरिकेची असणार. हिशेब करून बघितला, तर अमेरिकेच्या वेळेनं आपल्याकडं रात्र पडत होती, आणि रात्री मी आबांच्या शेजारी मान खाली घालून बसलो होतो. मग म्हटलं, पावती उशिरा आली असेल. बँकेचा जुना मेसेज काढला. त्यातही दोन वाजून सातच. सात वर्षांनी चोर सापडला आणि तो चोर मेला मीच! त्याला वाचवायला मी कसली कसली वकिली करत होतो, शी.

तीन तारखा कंपनीला कळवल्या. दोन दिवसांत खातं उघडलं. तारखा जुळल्या, असं त्यांनी लिहिलं होतं. गेम उघडायची इच्छा झाली नाही.

पुढच्या रविवारी सकाळी गाडी काढली आणि बारामतीवरून गावाकडं गेलो. वाटेत दोनदा गाडी थांबवली, एकदा चहा घेतला, एकदा नुसताच उभा राहिलो. आबांकडं न जाता सरळ तात्यांच्या अंगणात गाडी लावली. सात वर्षांत पहिल्यांदा. तात्या गाईला वैरण टाकत होते. मला बघून हातातली पेंढी तशीच राहिली. केस पार पांढरे झाले होते. गावी आलो की बांधावरून दिसणारा माणूस, पण मी नीट बघितलंच नव्हतं.

"ये," म्हणाले. "बस. पानी देऊ?"

मी बसलो नाही. मोबाईल काढला, पावत्या दाखवल्या, आणि भडाभडा सांगत सुटलो. गेम म्हणजे काय, तो विकत कसा घेतात, पावतीवर वेळ कशी येते, अकरा आठ, दोन सात, म्हणजे मी दहा मिनिटं नाही, साडेतीन-चार तास घरी होतो, म्हणजे दार आपोआप फुटलं, चूक माझी होती, मला ते आठवतच नव्हतं, ही तारीख सापडली म्हणून कळलं, नाहीतर मला खरंच वाटत होतं की...

तात्यांनी मोबाईलकडं बघितलंसुद्धा नाही. पेंढी गाईपुढं टाकली, हात झटकले आणि विचारलं, "येकच सांग. तू आलास तवा माज्या फावड्यात माती कुठं चाललेली? दारावर, का दारातनं भायेर?"

लांबून कळलं नाही, हे उत्तर माझ्याजवळ तयार होतं. वाकलेला माणूस दार बांधतोय की फोडतोय, हे लांबून कसं दिसणार? सात वर्षं मी स्वतःला तेच देत होतो. पण मी लांब नव्हतोच. मी पाच पावलांवर होतो.

"दारावर," मी म्हणालो. "तुम्ही दार बांधत होता तात्या. पोतं पायानं दाबून धरलं होतं. आमच्यासाठी बांधत होता."

"बघितलंस ना?"

"व्हय. बघितलं."

"मग तारीक कशाला हुडकत बसलास?"

मला रडू आलं. चौतिशीचा बाप्या, गोठ्यात उभा राहून रडतोय, आणि गाय माझ्याकडं बघत रवंथ करतेय. पाया पडायला वाकलो तर त्यांनी पाय मागं घेतले. रागानं नाही, पण घेतले.

"आबाला सांगितलंस?"

"न्हाय."

"त्याला आदी सांगाय पायजे हुतंस. माजं काय? मी काय करत हुतो ते मला ठावं हाय. मी निवांत झोपत आलोय. फसलाय त्यो. पोराच्या बोलण्यावर त्यानं भाऊ टाकला." मग म्हणाले, "जा. आन् ते मोबाईल बिबाईल दावू नगंस त्याला. तोंडानं सांग."

मी गाडी तिथंच ठेवली आणि बांध ओलांडून चालत घराकडं निघालो. आबा ओसरीवर बसले होते. त्यांनी मला तात्यांच्या अंगणातून येताना बघितलं, तसे एकदम उठले आणि पायात काही न घालता तसेच पुढं आले. आता सत्तरीचे आहेत, पण एवढ्या घाईनं चालताना मी त्यांना कित्येक वर्षांत बघितलं नव्हतं. माझे रडलेले डोळे त्यांना दिसले असणार. मी तोंड उघडायच्या आत त्यांनी माझा दंड धरला.

"काय झालं रं? तात्या बरा हाय न्हवं?"

तात्या बरे आहेत, हे आधी सांगितलं. मग बाकीचं सांगितलं.