टीव्हीतल्या मुंग्या

उमरखेडला बाबांचं टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. ते बंद होऊन बरीच वर्षं झाली, पण एक सल त्यांच्या मनातून जाईना. गिऱ्हाईकं म्हणत, "मिस्त्री चांगला हाय, पण मुंग्या काई पुऱ्या जात नाईत." पडद्यावरच्या त्या वळवळणाऱ्या ठिपक्यांपायी बाबांनी आयुष्यभर बोलणी खाल्ली.

मी शाळेत विज्ञान शिकवते. विज्ञान दिनाला विश्वाचा जन्म दाखवते, असं मीच हेडमास्तरांना बोलून बसले. कोणी सांगितलं होतं? मग बाबांना म्हटलं, "एखादा जुना डब्बा टीव्ही द्या. त्यात मुंग्या दिसल्या पाहिजेत."

"मुंग्या कायले पाह्यजे तुले?"

मी सांगितलं. सुरुवातीला सगळं विश्व भट्टीसारखं तापलेलं आणि दाट होतं, उजेडालाही वाट नव्हती. मग ते पसरत गेलं, निवत गेलं, अणू तयार झाले आणि उजेड मोकळा सुटला. विश्व अजून पसरतंच आहे. त्याच्यासोबत तो उजेडही ताणला गेला. आता डोळ्यांना दिसत नाही, पण अँटेनात येतो. त्या मुंग्यांमध्ये थोडा तो असतो.

"बरं," बाबा म्हणाले, आणि दोन दिवस टीव्ही उघडून बसले. तेव्हाच मला संशय यायला हवा होता.

वर्गात बाबा टीव्हीजवळच उभे होते. मी बटण दाबलं. काचेसारखं स्वच्छ चित्र! एक बाई पनीर परतत होती. बाबांनी सेटटॉप बॉक्ससुद्धा जोडून आणला होता. पोरांनी टाळ्या वाजवल्या.

"बाबा, मुंग्या कुठं हायेत?"

"शाळेत का मुंग्यांचा टीव्ही देऊ? लोक काय म्हणतीन?"

माझ्या डोक्यात तिडीकच गेली. "वायर काढा ती!"

त्यांनी नाइलाजानं काढली आणि टीव्हीचा अँटेना उभा केला. पडदाभर मुंग्या. मी म्हटलं, "ह्यातली शंभरातली एखादी विश्वाच्या बालपणातली आहे."

बाबा वाकून बघत राहिले. मग त्यांनी हळूच मला विचारलं, "म्हंजे ह्या कोणाच्याच्यानंच गेल्या नसत्या?"

उरलेल्या नव्याण्णव कशाच्या ते मला ठाऊक होतं. ढिल्या तारा, शेजारच्या मोटारी, आणि खरं सांगायचं तर कुठं कुठं तारा जोडताना बाबांनी केलेलं कच्चं डागकाम. पण बाबा आता पडद्याकडे नाही, माझ्याकडे बघत होते.

"नाई बाबा. कोणाच्याच्यानंच नाई."

पहिल्या बाकावरच्या पोरीनं ते वहीत उतरवून घेतलं. मी तिला खोडायला सांगितलं नाही.