दुसरा डबा

भोंग्यानं डोंगरावर एक बाई ठेवली आहे, ही बातमी पहिल्यांदा फुटली ती इस्त्रीच्या दुकानात. तशी गल्लीतली कुठलीही बातमी तिथंच फुटायची. इस्त्रीवाली लोकांच्या कपड्यांच्या घड्या बसवायची आणि संसारांच्या विस्कटायची, आणि दोन्ही कामं एकाच वेळी, एकाच टेबलावर.

सुरुवातीला ती डोंगरावरची बाई नुसतीच बाई होती. पण गल्लीनं तिला वाऱ्यावर सोडलं नाही. आधी तिला विधवा केलं. मग तिला शेळ्या दिल्या. कोणीतरी तिचे डोळे घारे करून टाकले. शेवटी तिला एक मुलगाही झाला, आणि तो बापासारखाच मोठ्यानं रडतो, असं एकीनं डोळ्यांनी बघितल्यासारखं सांगितलं.

आता भोंगा कोण, तर शहरातून डोंगरावर एका दिवसाची सहल नेणाऱ्या बसचा गाइड. आधी बसस्टँडवर गाड्या पुकारायचा. तिथं त्याचा आवाज ऐकून सहलवाल्या मालकानं त्याला उचललं आणि हातात माईक दिला. तो माईक त्याच्या हातातून घरी गेल्यावरही सुटला नाही. जेवताना मीठ हवं असलं तर म्हणायचा, "आपल्या उजव्या हाताला आपण पाहताय ती मिठाची बरणी." बायको बरणी सरकवायची आणि म्हणायची, "पाहिली. आता खाली बसा." म्हणून तो भोंगा. त्याचं खरं नाव फक्त लाइट बिलावर होतं.

पण माणूस आपल्या कामात नावाजलेला. सहली नेणारे पुष्कळ होते, पण 'मौनाची वळणं' फक्त भोंग्याच्या बसमध्ये. घाट सुरू झाला, की तो बस भरून आवाज द्यायचा, "मंडळी, आता डोळे मिटा! हा डोंगर लाजाळू आहे. चढताना त्याच्याकडे कोणी टक लावून बघितलेलं त्याला खपत नाही. जो डोळे उघडेल, त्याला वर गेल्यावर नुसतं धुकं दिसेल!" आणि मग बोलबोल बोलणारा भोंगा स्वतःही एकदम गप्प व्हायचा. शेवटचं वळण संपलं की "उघडा!" लोक वर पोचायचे ते भारावून. कोणाला मेलेली आजी दिसलेली असायची, कोणाची पाठदुखी थांबलेली असायची. एका प्राध्यापकानं तर त्या शांततेवर भाषण दिलं, चांगलं लांबलचक.

मग अशा माणसावर हा आळ कशावरून? तर इस्त्रीवालीकडे पुरावे होते. सहलीच्या दिवशी सकाळी भोंगा निघायचा तो दोन डबे घेऊन. एक साधा, जेवणाचा. दुसरा मोठा, घट्ट झाकणाचा, बाजूला कड्या असलेला.

"एका माणसाला दोन डबे कशाला गं?" इस्त्रीवाली विचारायची. "बरं, ते जाऊ दे. संध्याकाळी दोन्ही डबे घासूनपुसून लख्ख! आपल्या हातानं डबा घासणारा नवरा बघितलायस कधी? घासून देणारी कोणीतरी आहे वर."

याला तोड नव्हती. शिवाय तोंडाला वेलदोड्याचा वास. घरी आला की जेवणावर वासना नाही, नुसता आढ्याकडे बघत पडून राहणार. आणि सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे लग्नाला एवढी वर्षं झाली, पण बायकोला एकदाही वर नेलेलं नाही. कधी म्हणे दगदग होईल, कधी म्हणे वर फार वारा असतो.

बायको बिचारी चष्म्याच्या दुकानात कामाला. दिवसभर लोकांना 'आता स्पष्ट दिसतंय का?' विचारायचं, आणि संध्याकाळी गल्ली तिला तेच विचारायची. शेवटी तिनं बॅग भरली, पलंगावर ठेवली आणि आईला सांगितलं, "आई, खरं असेल तर मी तुझ्याकडे येते. कायमची."

आई म्हणजे भोंग्याच्या सासूबाई. लेकीवर त्यांचा जीव होता, नाही असं नाही. पण त्यांची खोली एकच, आणि ती शिलाई मशीननं, कपड्यांच्या गठ्ठ्यांनी आणि कापायच्या टेबलानं भरलेली. त्या स्वतः टेबलाखाली झोपायच्या. लेक आली तर मशीन तरी बाहेर जाणार नाहीतर सासूबाई तरी. आणि मशीन गेलं तर खायचं काय?

"घाई करू नकोस," त्या म्हणाल्या. "मी जाते. डोळ्यांनी बघते. बाई असली तर झिंज्या धरून खाली आणते, नसली तर तू बॅग रिकामी कर."

जावयानं ओळखू नये म्हणून त्यांनी वेश पालटला. एका गिऱ्हाइकाचा आत घ्यायला आलेला लांब कोट अंगात घातला, डोक्याला रुमाल बांधला, लेकीच्या दुकानातला मोठा काळा चष्मा लावला. कोटाला टाचण्या तशाच होत्या, हे त्यांना बसच्या मागच्या सीटवर टेकल्यावर कळलं. तेव्हापासून त्या ताठ बसल्या. शेजारच्या आजोबांना वाटलं, बाई कोणीतरी मोठी आहे.

बस शहराबाहेर पडली आणि भोंग्यानं माईक फिरवायला सुरुवात केली. त्याची एक पद्धत होती. "नावं सांगायची नाहीत, मंडळी! नावं डोंगर चढत नाहीत. आपण काय करता, तेवढंच सांगा."

माईक मागे आला. सासूबाईंनी 'शिवण' म्हणायला तोंड उघडलं आणि भीतीनं भलतंच निघून गेलं. "दातांची डॉक्टर."

"वा!" भोंगा म्हणाला. त्यानं सासूबाईंना ओळखलं नव्हतं. त्याचं लक्ष आज दुसरीकडे होतं, कारण नेहमीचा ड्रायव्हर रजेवर होता आणि बदली आलेला हा नवा गडी प्रत्येक शब्द कान टवकारून ऐकत होता.

पण शेजारच्या आजोबांनी संधी सोडली नाही. "डॉक्टरीणबाई, देवासारख्या भेटलात," असं म्हणून त्यांनी जबडा उघडला तो मिटेचना. "हा बघा. मागचा. हलतो."

"हलू दे," सासूबाई म्हणाल्या.

"काढूनच टाका की!"

"इथं? हत्यारं नाहीत माझ्याकडे."

"दोऱ्यानं निघेल हो! आमची आई दोऱ्यानंच काढायची."

आता सासूबाई घरातून एक वेळ चप्पल विसरून निघतील, पण दोरा विसरून नाही. त्यांना वाटलं, एकदा बांधून टाकला की म्हाताऱ्याची टकळी तरी थांबेल. त्यांनी पर्समधून जाड दोरा काढला, दाताला फास दिला आणि दुसरं टोक समोरच्या सीटच्या दांडीला बांधलं. "वर पोचलो की बघू. तोवर बोलायचं नाही." आजोबांनी मान डोलावली, बेतानं. सासूबाईंनी डोळे पुन्हा जावयावर रोखले.

घाट लागला.

"मंडळी, डोळे मिटा!" भोंग्यानं आरोळी दिली. आज ती जरा चिरकली, एवढं सासूबाईंनी टिपलं. "हा डोंगर लाजाळू आहे! जो कोणी डोळे उघडेल..."

बसभर डोळे मिटले. सासूबाईंनी मिटले नाहीत. बाई वरच असते कशावरून? एखाद्या वळणावर चढत असेल बसमध्ये, आणि म्हणूनच सगळ्यांना डोळे मिटायला लावत असेल हा सोंगाड्या! त्यांनी काळा चष्मा कपाळावर सरकवला आणि सीटच्या कडेनं पुढे बघितलं.

भोंगा ड्रायव्हरशेजारी खाली बसला होता. दुसरा डबा त्यानं मांडीवर घेतला. एका हातानं कड्या सोडल्या, झाकण काढलं आणि डोकं डब्यात घातलं. त्याची पाठ एकदा वर आली, एकदा खाली गेली. परत वर आली.

सासूबाई बघतच राहिल्या.

तेवढ्यात बदली ड्रायव्हरच्या मनात आलं, की आपणही एवढे वर चाललोय तर आपल्याला तरी का धुकं दिसावं? गडी प्रामाणिक. चालत्या गाडीत डोळे मिटणं बरं नाही, एवढी अक्कल त्याला होती. म्हणून त्यानं भर वळणावर करकचून ब्रेक मारला, गाडी बंद केली, हात मांडीवर ठेवले आणि भक्तिभावानं डोळे मिटून घेतले.

बस थांबली तशी सगळी माणसं पुढे गेली आणि मागे आली. आजोबाही मागे आले. दात दांडीलाच राहिला.

आजोबांनी जी किंकाळी फोडली, ती ऐकून लाजाळू डोंगरही दचकला असेल. बसभर चुळबुळ झाली. पापण्या हलायला लागल्या. आणखी एक पळ, आणि साऱ्या बसला दिसलं असतं, की डोंगराचा हा एवढा नावाजलेला माणूस डब्यात तोंड घालून बसलाय. संध्याकाळी मालकाला कळलं असतं, उद्या नोकरी गेली असती. मग लेक आणि जावई दोघंही टेबलाखाली! सासूबाईंना हे सगळं एका दमात दिसलं. त्या सीटवर चढून ओरडल्या, "खबरदार कोणी डोळे उघडाल तर! मी डॉक्टर सांगतेय! इथं रक्त आहे!"

बसनं डोळे आणखी घट्ट मिटले. ड्रायव्हरनं तर वरून हातही ठेवले.

भोंग्यानं डब्यातून डोकं वर काढलं. सगळीकडे मिटलेले डोळे, आणि मागे सीटवर उभे राहिलेले दोन उघडे. ते त्यानं ओळखले. लग्नात मानपानावरून हेच डोळे त्याच्यावर वटारले गेले होते.

त्यानं ड्रायव्हरला ढोसून गाडी पुढे काढायला लावली. वर पोचल्यावर लोक कठड्याकडे धावले आणि भोंगा नेहमीसारखा चहाच्या टपरीमागे नळावर गेला. सासूबाई तिथं आधीच उभ्या होत्या, कंबरेवर हात ठेवून.

"जावईबापू, किती वर्षं चाललंय हे?"

"पहिल्या दिवसापासून, आई." तो डबा घासत होता, मान खाली घालून. "पहिलं वळण आलं आणि पोट गळ्यात आलं. हाताशी रिकामा डबा होता. काही सुचेना म्हणून ओरडलो, डोळे मिटा. वर गेल्यावर लोक म्हणाले, वा, काय अनुभव! मग मालक म्हणाला, हे रोज करा."

"रोज करा!" सासूबाईंनी कपाळाला हात लावला. "अहो, दुसरं काही काम नाही मिळालं?"

"बोलण्याशिवाय काय येतं मला?"

"आणि माझ्या लेकीला का नाही सांगितलंत?"

"तुमची लेक," भोंगा आयुष्यात पहिल्यांदाच हळू बोलला, "मला बघायला आली तेव्हा म्हणाली होती, मला डोंगराचा माणूस हवा. स्थळं आणखीही होती, एक छापखान्यातला, एक पाणीखात्यातला. मी डोंगराचा म्हणून मला हो म्हणाली. तिला काय सांगू? डोंगराला मी सोसत नाही म्हणून?"

सासूबाईंनी डबा त्याच्या हातातून घेतला आणि स्वतःच खळखळून धुतला. "तोंड धुवा," म्हणाल्या. "वेलदोडा कुठाय तुमचा?"

बाहेर आल्या तर दात दुखणाऱ्यांची रांग उभी होती. आजोबा सर्वांना दोऱ्यावरचा दात दाखवत होते आणि डॉक्टरीणबाईंच्या हाताला गुण आहे म्हणून सांगत होते. सासूबाईंनी आणखी दोन दात काढले. त्यातला एक, खरं सांगायचं तर, चांगला होता.

संध्याकाळी गल्लीच्या तोंडाशी इस्त्रीवाली टपून होती, हातात तापलेली इस्त्री तशीच. "काय हो, सापडली?"

सासूबाई थबकल्या. 'नाही' म्हणावं, तर ही विचारणार, मग दुसरा डबा कशाला? खरं सांगावं, तर सहलवाल्या मालकाचे शर्टही हिच्याकडेच इस्त्रीला, त्यांच्याबरोबर ते उद्या त्याच्या घरी पोचणार.

"सापडली," त्या म्हणाल्या.

"अगंबाई! कशी आहे हो दिसायला?"

"पांढरीफटक. घाम फुटलेली. डोळे बाहेर आलेले." सासूबाईंना जावई आठवत होता. "चांगली कानउघाडणी करून आलेय. आता आपल्या घराच्या आड येणार नाही ती."

"आणि मुलगा?"

"तो शेळ्यांमागे गेला होता," सासूबाई म्हणाल्या आणि जिना चढल्या.

वर लेक बॅगेशेजारी बसून होती. सासूबाईंनी दार लावलं आणि सगळं सांगितलं, दात सोडून. लेक आधी हसली. हसता हसता रडली. मग भडकली, "वेडाच आहे! मला सांगितलं असतं, तर मी लिंबू नसतं का दिलं बरोबर? बसमध्ये मीच गेले असते, धरला असता डबा!" आणि बॅगेतले कपडे काढून फडताळात ठेवायला लागली. ठेवता ठेवता एकदम थांबली.

"आई, तो कड्यांचा डबा?"

"हो."

"मागच्या आठवड्यात इस्त्रीवाली साखर मागायला आली होती. मी त्याच डब्यातून दिली. तिनं चहा केला आणि मलाही दिला. म्हणाली, गोडी काही वेगळीच आहे हो तुमच्या साखरेला!"

सासूबाईंनी दाराला कडी आहे ना, ते परत बघितलं. मग म्हणाल्या, "हे मात्र आपल्याबरोबर जाईल." आणि खरोखरच दोघींनी ते कधी कोणाला कळू दिलं नाही.

गल्लीनं त्या बाईला पुढे बरीच वर्षं जगवलं. तिचं दुसरं लग्न लावलं, शेळ्या विकल्या, मुलाला फौजेत धाडलं. भोंग्याकडे बघून लोक एकमेकांना कोपरखळ्या मारायचे, आणि पानवाला तर त्याला मानानं बसायला स्टूल द्यायचा.

डोंगरावर बाई कधीच नव्हती. भोंग्याला घाटात गाडी लागायची, आणि दुसरा डबा त्यासाठी होता.